ग्लिसरीनचा जिताडा

ऑक्टोबर लागला की आमच्या सोसायटीतल्या खिडक्या एकेक करून बंद व्हायला लागतात. पाऊस गेलेला असतो, वारा पडलेला असतो, आणि ऊन चढलं की खाडीच्या बाजूनं एक वास वर येतो. कुजलेला चिखल, त्यात थोडं डांबर, आणि त्या दोघांवर कसलासा गोडसर, दवाखान्यातल्यासारखा थर. नवीन राहायला आलेले लोक आधी शेजारच्या संडासाच्या पाइपावर संशय घेतात. मग सेक्रेटरीकडे तक्रार जाते. मग वॉचमन गटारीत फिनेल ओतून येतो, आणि संध्याकाळपर्यंत सगळी बिल्डिंग फिनेल घातलेल्या चिखलासारखी वास मारते.

लोक या दिवसांना शरद म्हणतात. कोजागिरीला गच्चीवर आटवलेलं दूध असतं, गाण्याच्या भेंड्या असतात, एखादे निवृत्त मास्तर चांदण्यावर चार वाक्यं बोलतात. मीही पेला हातात घेऊन उभा असतो. पण मला या महिन्याची शिसारी आहे. ती घशाच्या मागच्या बाजूला बसलेली आहे, आणि दूध तिच्यावरूनच खाली उतरतं.

शिसारी हा काही चांगला गुण नव्हे. माझी आई म्हणायची, सारखं नाक मुरडणाऱ्या माणसाचं नाक तसंच राहतं. माझं तसंच राहिलंय बहुतेक. पण मी कॅमेऱ्याच्या पेट्या उचलणारा माणूस होतो, तो फिल्म करणारा माणूस कसा झालो असं कुणी विचारलं, तर मला दुसरं खरं उत्तर सापडत नाही. कुणाला कलेची ओढ असते, कुणाला नावाची. मला किळस आली.

सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला मी या धंद्यात शिरलो. कॅमेरे भाड्यानं देणाऱ्या एका दुकानात नोकरी होती. कॅमेरा जिथे जाईल तिथे त्याच्याबरोबर जायचं, पेट्या उचलायच्या, कॅमेऱ्याखाली तीन पायांचं तिकाटणं लावायचं, भिंगावरची धूळ ब्रशनं झटकायची. काळ्या कापडाच्या पिशवीत दोन्ही हात कोपरापर्यंत घालून, न बघता, नुसत्या बोटांनी रीळ भरायचं. उन्हाळ्यात त्या पिशवीत हाताला असा घाम सुटायचा की आपण कुणा जनावराच्या पोटात हात घातलाय असं वाटे. पण ते काम मला आवडायचं. पिशवीत खोटं काही नव्हतं.

खोटं बाहेर होतं. त्या वर्षांत खाडीपलीकडे नवं शहर वसवायला घेतलं होतं आणि त्याचं कौतुक करणाऱ्या फिल्मांचं पीक आलं होतं. अशाच एका फिल्मसाठी आम्ही वाशीच्या एका रिकाम्या इमारतीत गेलो. दादरहून एक गोंडस कुटुंब आणलेलं. खिडक्यांना उसने पडदे. दिग्दर्शकाला नळाला धो धो पाणी हवं होतं आणि नळ तर कोरडा ठणठणीत. मग गच्चीवर पिंप चढवलं, त्यातून रबरी नळी खाली सोडली, आणि त्या बाईंनी हसत हसत बादली भरली. शॉट झाल्यावर तेच पाणी परत पिंपात. पुढे काही वर्षांनी मला तशाच एका इमारतीत घर मिळालं. पहिल्याच दिवशी सुमननं, माझ्या बायकोनं, नळ फिरवला. नळातून नुसता फुस्स आवाज आला. ती म्हणाली, "तुमच्या त्या पिंपवाल्याला निरोप धाडा."

तेव्हा आम्ही हसलो. हसण्यावारी नेता येईल इतपतच ते खोटं होतं.

दहाएक वर्षांत मी पेट्यांवरून फोकसवर आलो. फोकस म्हणजे कॅमेऱ्यासमोरचा माणूस पुढेमागे हलला तरी त्याचा चेहरा स्वच्छ दिसत राहील, हे सांभाळणं. आधी टेपनं अंतर मोजायचं, मग शॉट चालू असताना भिंगाची चकती बोटानं तेवढीच फिरवायची. आमचे कॅमेरामन वसंतराव. पांढरा सदरा, तपकिरीची डबी, आणि उजेडाची अशी जाण की माणूस कुठे बसवला तर त्याच्या गालावर ऊन किती पडेल हे नुसतं आकाशाकडे बघून सांगत. मी त्यांना काका म्हणायचो. त्यांचं एक ठरलेलं वाक्य होतं, "आपण काच पुसायची बाबा. काचेपलीकडे काय आहे ते बघणारे दुसरे."

ते दुसरे म्हणजे प्रधानसर. आमचे दिग्दर्शक. त्यांच्याबरोबर मी पुष्कळ फिल्मा केल्या आणि त्यांना कधी आवाज चढवताना ऐकलं नाही. सगळ्यांना 'राजा' म्हणायचे, स्पॉटबॉयला आणि कलेक्टरलाही. ओरडणाऱ्या माणसाची चीड लगेच येते. गोड बोलणाऱ्याची किळस यायला वर्षं जातात.

ऐंशीनंतरच्या एका ऑक्टोबरात आम्ही तळोज्याच्या बाजूला एका कारखान्याच्या फिल्मसाठी गेलो. कारखान्याचं नाव लिहीत नाही, आणि नावड्याच्या पुढे खाडीकाठी जे गाव होतं त्याचंही लिहीत नाही. गावची तक्रार होती की कारखान्याचं पाणी खाडीत सुटायला लागल्यापासून मासळी मरते. कारखान्याचं म्हणणं होतं की पाणी शुद्ध करून सोडतो. त्या म्हणण्याची फिल्म आम्ही करत होतो.

गाडीतून उतरल्याबरोबर वासानं माझ्या डोळ्यांत पाणी आलं. ओहोटी होती. चिखलावर एक जांभळट साय धरलेली आणि काठाला बोय मासे पांढरी पोटं वर करून पडलेले. सरांनी नाकाला रुमाल लावला, इकडून तिकडे एक फेरी मारली आणि वसंतरावांना म्हणाले, "अँगल जरा वर ठेवा. आकाश सुंदर आहे."

आकाश खरंच सुंदर होतं. ऑक्टोबरात असतं.

गावातली एक बाई ठरवलेली होती. हिराबाई. पन्नाशीची, काळीसावळी, कपाळ कोरं, कमरेला काष्टा. नवरा गेल्यापासून तीच खाडीत जाळं लावायची. आता जाळ्यात काही येत नव्हतं म्हणून वीटभट्टीवर जायची. मुलगा बाळाराम बारावीपर्यंत शिकून घरी बसला होता; त्या दिवशी तो गावात नव्हता. कारखान्याचा एक साहेब आमच्याबरोबर होता. सर त्याच्या खांद्यावर हात ठेवून हिराबाईला म्हणाले, "मावशी, तुमच्या मुलाचं साहेबांच्या कानावर घातलंय मी. काळजी करू नका. तुम्ही फक्त छान जेवायचं."

"नुसतं जेवाचं?"

"जेवायचं, आणि एक वाक्य म्हणायचं. आमच्या खाडीची मासळी, पहिल्यासारखीच गोड."

हिराबाईनं वाक्य मनातल्या मनात म्हणून पाहिलं. ओठ हलले. मग म्हणाली, "मासली कुठं हाय पन?"

मासळी बर्फाच्या पेटीत होती. सकाळी मोऱ्याच्या धक्क्यावरून माणूस पाठवून आणवलेला हातभर लांबीचा जिताडा. हिराबाईनं तो उचलला, कल्ले उघडून पाहिले, आणि हसली. "ही आमच्या खाडीची नाय."

"कॅमेऱ्याला काय कळतंय, मावशी," सर म्हणाले.

तिनं मासा साफ केला, तुकड्या पाडल्या, मसाला लावून अंगणातल्या चुलीवर तळल्या. त्या वासानं आमच्या युनिटच्या तोंडाला पाणी सुटलं. ओसरीपुढे तिला पाटावर बसवलं, मागे जाळं वाळत टाकलेलं, त्यापलीकडे नारळ. वसंतरावांनी चंदेरी पत्र्याचे दोन बोर्ड लावून तिच्या चेहऱ्यावर ऊन टाकलं. मी टेप धरली. कॅमेऱ्याच्या भिंगापासून तिच्या ओठांपर्यंत. टेपचं टोक मी तिच्या ओठांजवळ नेलं तेव्हा तिनं मान मागे घेतली. मग सवय झाली.

पहिल्या वेळी तिनं तुकडी मोडली, तोंडात घातली, वाक्य म्हटलं. चांगलं झालं. पण मागून कुणीतरी कोंबडी हाकलली. दुसऱ्या वेळी ऊन गेलं. तिसऱ्या वेळी तिनं काटा काढायला तोंडात बोट घातलं ते सरांना बरं दिसलं नाही. मग मासा कोरडा दिसायला लागला. तळलेली तुकडी उन्हात किती टवटवीत राहणार? सरांनी मेकअपच्या डब्यातून ग्लिसरीनची बाटली मागवली आणि रंगकामाच्या ब्रशनं तुकड्यांवर फिरवली. तुकड्या काचेसारख्या चमकायला लागल्या.

"ह्ये काय?" हिराबाईनं विचारलं.

"काही नाही. औषधात घालतात. गोड असतं."

ती खात राहिली. वाक्य म्हणत राहिली. एकदा तिचं तोंड किंचित वाकडं झालं तर सर जवळ जाऊन उकिडवे बसले आणि अगदी लाडानं म्हणाले, "मावशी, डोळ्यांसमोर बाळाराम आणायचा. तो कामावर निघालाय, डबा घेऊन. असं बघायचं त्याच्याकडे." त्या वेळी तिचे डोळे जे उजळले ते मी भिंगाच्या चकतीवर बोट ठेवून, हातभर अंतरावरून पाहिले. तेवढ्यात रीळ संपलं.

जेवणाची सुट्टी झाली. कारखान्याच्या कँटीनमधून पुरीभाजी आणि श्रीखंड आलं होतं. आम्ही झाडाखाली बसलो. हिराबाई पाटावरच बसून राहिली, कारण उठली असती तर लुगड्याच्या चुण्या बदलल्या असत्या आणि आधीच्या शॉटशी जुळल्या नसत्या. तिला तसं बजावून सांगितलं होतं. ती उन्हात बसून आमच्याकडे बघत होती आणि तिच्यापुढच्या ताटावर माश्या बसत होत्या. मी पाण्याचा तांब्या नेऊन दिला. ती म्हणाली, "लुगडं भिजल," आणि तांब्या बाजूला ठेवला.

जेवणानंतर त्याच तुकड्या. उन्हात पडून त्यांना वास सुटला होता. सरांनी स्वतः माश्या हाकलल्या आणि पुन्हा ब्रश फिरवला. मी वसंतरावांकडे पाहिलं, ते आकाशाकडे बघत होते. मी म्हटलं, "सर, दुसरी तुकडी तळायला लावू या?" सर म्हणाले, "उजेड जाईल, राजा." आणि हिराबाई स्वतःच म्हणाली, "आता आटपा. खातंय मी."

तिनं खाल्लं. उजळलेल्या डोळ्यांनी वाक्य म्हटलं. सरांनी टाळ्या वाजवल्या, "वा! काय नॅचरल!" आणि सगळे पुढच्या शॉटची जागा बघायला कारखान्याच्या फाटकाकडे गेले. कॅमेऱ्याजवळ मी एकटा राहिलो.

जाळी वाळत घालायच्या बांबूंमागून आवाज आला. मी धावलो. हिराबाई एका हातानं बांबू धरून ओकत होती. पोटातलं सगळं येऊन गेलं तरी थांबेना. पाणी पडत होतं, पिवळं पडत होतं. मी पाठीवर हात ठेवायला गेलो तर तिनं झिडकारला. पदरानं तोंड पुसलं आणि माझ्याकडे पाहिलं. सकाळपासून पहिल्यांदाच तिनं मला पाहिलं असावं.

"जेवताना काढलंस ना माजा फोटू?"

"हो, मावशी."

"मंग ह्यो पन काढ."

"राहू द्या. तुम्ही बसा जरा."

"राहू दे काय? काढ!"

कॅमेऱ्यावरच्या रिळाच्या डब्यात थोडी फिल्म उरलेली होती. मी कॅमेरा वळवला. टेप लावायला वेळ नव्हता, अंदाजानंच फोकस घेतला. तिनं पुन्हा बांबू धरला. पुढचं सांगत नाही. कॅमेरा रिकामा फिरायला लागल्यावर मी बटण सोडलं, आणि लक्षात आलं की मघापासून मी श्वास धरून ठेवलाय. आयुष्यात पहिल्यांदा मी माझा म्हणून एक शॉट घेतला होता. कुणी विचारलं तर तोही माझा नव्हता, तिनं सांगितलेला होता.

काढलेली फिल्म लॅबमधून धुऊन आली की आम्ही सगळे मुंबईत एका छोट्या थेटरात बसून ती बघायचो. पडद्यावर हिराबाई जेवत होती. वसंतरावांचा उजेड तिच्या गालावरून ओघळत होता. ती जेवली, पुन्हा जेवली, पुन्हा जेवली. आणि मग एकदम, काही कळायच्या आत, तीच बाई बांबूला धरून वाकलेली. कारखान्याच्या साहेबानं तोंडावर हात धरला. सर हळूच हसले. मागे वळून मला म्हणाले, "फोकस सुरेख आहे, राजा." मग एडिटरला म्हणाले, "हे निगेटिव्हसकट काढून टाक."

इतकंच. रागावले नाहीत. वसंतरावांच्या पुढच्या कामाला मला बोलावणं आलं नाही, त्याच्या पुढच्यालाही नाही. मी काकांच्या घरी गेलो. त्यांनी चहा दिला. म्हणाले, "तुला सांगितलं होतं, काच पुसायची." मी म्हटलं, "काका, मग डोळा कशाला लावायचा तिथे?" ते बराच वेळ तपकिरीच्या डबीचं झाकण उघडत नि मिटत राहिले.

त्यानंतरचे महिने मी लग्नांच्या फिल्मा काढल्या. नवरा-नवरी एकमेकांना जिलबी भरवताना माझ्या घशाशी यायचं. घरी मासळी बंद झाली. भाजीवर तेलाची तर्री चमकली की मी ताट सरकवायचो. एक दिवस सुमननं पोळीचं लाटणं खाली ठेवलं. म्हणाली, "किळस आली तर माणूस तिथून उठतो. तुम्ही तिथून उठलात आणि इथे येऊन आमच्या ताटांकडे बघताय. हे चालायचं नाही. जा, आणि काय काढायचंय ते एकदा काढून या."

काढायला फिल्म हवी. मोठ्या शूटिंगमध्ये रिळाच्या शेवटी न वापरलेली शेपटं उरतात, ती कुणी मोजत नाही. ओळखीच्या असिस्टंटांनी ती जमवून दिली. एका मित्रानं कॅमेरा दिला, लहान, स्प्रिंगला चावी देऊन चालवायचा. आणि एका संध्याकाळी वसंतराव आमच्या बिल्डिंगचे जिने चढून आले. त्यांनी बाजाराची पिशवी टेबलावर ठेवली. आत रिळांचे डबे होते. चहाला थांबले नाहीत. जिन्यात मागे वळून म्हणाले, "सकाळी लवकर काढ. त्या खाडीवर सकाळचं ऊन कमी खोटं बोलतं."

म्हणून पुढच्या ऑक्टोबरात मी पुन्हा त्या गावात उतरलो. वास तसाच. मी हिराबाईच्या अंगणात गेलो तेव्हा ती तांदूळ पाखडत होती. मला वाटलं ओळखणार नाही. तिनं सूप खाली ठेवलं.

"तू व्हय. मी पायली ती फिलीम."

"कुठे?"

"दसऱ्याला कंपनीत दाकवली. बालारामाची पूजा व्हती ना मशीनीची. तो लागला तिथं. पानी सोडतात तिथला पाट उगडाला ठेवलाय त्याला."

तिच्या मुलाला त्यांनी खाडीत पाणी सोडायच्या झडपेवरच ठेवलं होतं. मी विचारलं, "फिल्म बघून काय वाटलं तुम्हाला?"

ती लाजली. खरंच लाजली. "बरी दिसत व्हते मी. गालाव उजेड पडलेला. शेजारनी बोलल्या, हिरे, तू तर देखनी हायेस."

मी ओटीवर बसून राहिलो. वर्षभर मी तिच्या वतीनं संतापून घेतलं होतं आणि तिला ती फिल्म आवडली होती. वसंतरावांचा तो उजेड मला त्या क्षणी ग्लिसरीनसारखा वाटला. तरीही मी माझं काम सांगितलं. खाडीची फिल्म करतोय, तुमच्याशिवाय होणार नाही, त्या दिवशी काय झालं ते कॅमेऱ्यासमोर सांगा.

"नाय," ती म्हणाली. "माजं तोंड नको. पोराची भाकर हाय ती."

मी उठलो. मी काही तिला प्रधानसरांसारखा उकिडवा बसून समजावणार नव्हतो. अंगणाच्या कडेपर्यंत गेलो तर तिनं हाक मारली.

"आवाज घेतंस काय नुसता?"

"घेतो. पण मावशी, बाळाराम आवाज ओळखेल."

"वलखू दे. त्याला ठाव नाय नोकरी कशानं लागली ती. माज्या तोंडानं त्याला सांगवत नाय."

मी टेपरेकॉर्डर लावला. ती पाठ करून बसली, चुलीकडे तोंड करून, आणि बोलली. एकदाच. मी 'पुन्हा सांगा' म्हटलं नाही. आजतागायत मी कुणाला ते म्हणत नाही, त्यामुळे माझ्या फिल्मांत खोकले असतात, कोंबड्या असतात, अर्धी वाक्यं असतात.

तो महिना मी गुडघाभर चिखलात काढला. पायांवर चट्टे उठले, ते पुढे कितीतरी दिवस सोलवटत राहिले. मेलेल्या माशांच्या जवळ कॅमेरा नेताना ओकारी यायची. त्याहून मोठी ओकारी एका वेगळ्याच गोष्टीची आली. पाटातून पाणी सुटायचं तिथे फेस यायचा, आणि सकाळच्या उन्हात त्या फेसात इतके सुंदर रंग उमटायचे की मी हरखून तासभर तेच काढत राहिलो. एडिटिंगला तो तुकडा पाहिला आणि अंगावर काटा आला. माझ्या फिल्ममधला सर्वांत देखणा शॉट विषाचा होता. मी तो काढून टाकला. दिग्दर्शन म्हणजे काय ते मला त्या दिवशी कात्रीसमोर थोडंफार कळलं. जे दाखवलं की लोक 'वा' म्हणतील ते माझ्या हातात होतं, आणि ते मी केराच्या टोपलीत टाकू शकत होतो.

फिल्म पहिल्यांदा मुंबईत दाखवली, फिल्म बघणाऱ्या मंडळींच्या एका क्लबात. नंतर बाहेर चहा नि सँडविच होती. लोक 'टेक्स्चर' म्हणत होते, 'ऑनेस्ट' म्हणत होते. सँडविच खात खात. गर्दीतून प्रधानसर आले. त्यांनी माझा हात दोन्ही हातांत घेतला.

"कमाल केलीस, राजा. आणि तो आवाज! कुठे मिळाली ही बाई? नाटकातली आहे का?"

"सर, ती हिराबाई."

"कोण हिराबाई?"

मी त्यांच्याकडे पाहिलं. ते आठवायचा खरोखर प्रयत्न करत होते. ओठाच्या कोपऱ्यात हिरवी चटणी लागली होती. आठवलं नाही. मग म्हणाले, "उच्चार मात्र जरा साफ करून घे. परत एकदा डब करून टाक." मी बेसिनवर जाऊन हात धुतले, साबण दोनदा लावून. असं काही पुस्तकी करायचा माझा स्वभाव नाही. हात चिकट लागत होता म्हणून धुतला.

त्या फिल्मनं खाडी साफ झाली नाही, हे सांगून टाकायला हवं. पाटही बंद झाला नाही. कारखान्याच्या साहेबांपैकी कुणी ती फिल्म पाहिलीच नाही. बाळारामची नोकरी टिकली, आणि त्यानं सोडलीही नाही. घरात दुसरं कमावणारं कोण होतं? मी मात्र पुन्हा दुसऱ्याच्या कॅमेऱ्याला फोकस लावला नाही. ज्या गोष्टींनी पोटात ढवळायचं तिथे मी कॅमेरा घेऊन जात राहिलो. लोक धाडस म्हणतात. धाडस कसलं, मला दुसरं काही पचत नाही.

मुंबईनंतर गावात फिल्म दाखवली. शाळेची भिंत चुना लावून पांढरी केली होती. दिवेलागण झाली तसे लोक जमले. पुढे मुलं, डावीकडे पुरुष, उजवीकडे बाया. हिराबाई बायांमध्ये मागच्या बाजूला होती. बाळाराम कामावरून तसाच आला, अंगात कारखान्याचा निळा सदरा, आणि पुरुषांमध्ये बसला. उंच, खांद्यात वाकलेला मुलगा. आईसारखेच डोळे. मी प्रोजेक्टरपाशी उभा होतो आणि रीळ नीट बसलंय का ते पुन्हा पुन्हा तपासत होतो. मुंबईत मला भीती वाटली नव्हती.

भिंतीवर आपली खाडी दिसली तशी मुलं ओरडली. स्वतःच्या होड्या ओळखून लोक हसले. मग मेलेले बोय दिसले आणि हसणं थांबलं. आणि रिकाम्या चिखलावर हिराबाईचा आवाज सुरू झाला.

"मना जेवाला बसवली. मासली आमची नव्हती. तिच्याव कायतरी गोड लावलेलं. मी खात व्हते नि ते बोलत व्हते, परत खा. मी परत खाल्ली. दुपारच्याला तिला वास मारला. गिलली. पोराला नोकरी लागनार व्हती, म्हनून गिलली. मंग ओकले. त्याला नाय बोलले मी. त्यानं नोकरी नसती केली."

कुणी मागे वळून पाहिलं नाही. सगळं गाव मान ताठ ठेवून भिंतीकडे बघत राहिलं. आवाज सगळ्यांनी ओळखला होता आणि कुणालाच ते दाखवायचं नव्हतं. इतकी सभ्य माणसं मी पुढे कुठल्या थेटरात पाहिली नाहीत.

बाळाराम उठला. त्याची सावली भिंतभर पडली, खाडी झाकून गेली. एक पोरगं ओरडलं, "ए, बस रं खाली!" तो प्रोजेक्टरच्या उजेडातून चालत बायांच्या बाजूला गेला, वाट काढत मागे गेला, आणि आईशेजारी मातीत बसला. ती भिंतीकडेच बघत होती.

फिल्म संपली तसा मी दिवा लावला. लोक उठून पांगायला लागले. मी रीळ गुंडाळत होतो, त्यांच्यापासून फार लांब नव्हतो.

"जेवलास काय?" हिराबाईनं विचारलं.

"नाय."

"चल. भाकरी हायत."

तो उठला नाही. निळ्या सदऱ्याच्या बाहीनं त्यानं तोंड पुसलं. "आये, कशाला नाय सांगितलंस मना?"

तिनं हात त्याच्या खांद्यावर टेकला आणि जड अंगानं उभी राहिली.

"सांगितलं ना आता," ती म्हणाली.